दादा, मला का ऐकू येत नाही?

सर,
मी वीस वर्षांचा आहे, धनकवडीत राहतो, इंजिनिअरिंगच्या तिसऱ्या वर्षाला आहे. वर्गातले आम्ही पाच जण काउंटर-स्ट्राइक टू हा पाच विरुद्ध पाच बंदुकांचा ऑनलाइन खेळ खेळतो. आठ महिन्यांपूर्वी मी टेलिग्रामवरच्या एकाकडून रडार विकत घेतलं, महिन्याला बाराशे रुपये. आपोआप नेम धरणारा एमबॉट वगैरे नाही, नेम माझाच असतो. फक्त समोरचे पाच जण मॅपवर कुठे आहेत ते मोबाइलवर ठिपक्यांनी दिसतं. मोबाइल कीबोर्डशेजारी उभा असतो, घरच्यांना वाटतं टीमशी बोलायचं डिस्कॉर्ड चालू आहे. टीममधल्या चौघांना यातलं काही माहीत नाही. माझ्या कॉलवर ते डोळे मिटून धावतात.
गेल्या महिन्यात एका आंतरमहाविद्यालयीन स्पर्धेची ऑनलाइन पात्रता फेरी झाली. तिथे रडार फक्त शेवटच्या दोन सामन्यांत वापरलं. सांगलीच्या टीमला आम्ही १३-११ हरवलं आणि आमची निवड झाली. अंतिम फेरी तीन आठवड्यांनी पुण्यातच लॅनवर आहे, म्हणजे सगळ्यांनी एकाच ठिकाणी बसून खेळायचं. कॉम्प्युटर त्यांचे, मोबाइल बाहेर जमा करायचे. तिथे मी उघडा पडणार.
माझा धाकटा भाऊ आठवीत आहे. मी खेळताना तो मागे स्टूल टाकून बसतो आणि वहीत लिहून घेतो. पावलांच्या आवाजावरून मला सगळं कळतं, असं मी त्याला सांगितलंय. परवा तो स्वतःची मॅच हरला, हेडफोन काढले आणि म्हणाला, दादा, मला का ऐकू येत नाही? मी वेळ मारून नेली.
आजारी आहे असं सांगून स्पर्धेतून बाहेर पडावं आणि रडार काढून टाकावं असं ठरवतोय. बाबा याच कॉम्प्युटरवर बँकेचं काम करतात, त्यामुळे ते काढायचंच आहे. म्हणजे कुणाला कळणार नाही आणि कुणाचं नुकसानही होणार नाही. बरोबर आहे ना?
एक मोठा भाऊ


प्रिय दादा,

तू नाव लिहिलं नाहीस, म्हणून धाकटा जी हाक मारतो तीच मी घेतो.

नाही, बरोबर नाही. आजारपणाचं सोंग घेऊ नकोस. का, ते सांगतोच; पण बाबांच्या बँकेचं तू पत्राच्या शेवटी जाता जाता लिहिलंस आणि मला आधी तिथेच थांबावं लागतंय. हे वाचून झालं की त्या कॉम्प्युटरचं इंटरनेट बंद कर.

ती फाइल ठिपके दाखवण्यापलीकडे काय करते हे तुला माहीत नाही. विकणाऱ्याचं खरं नावही तुला माहीत नसेल. रडार सुरू करण्यापूर्वी अँटीव्हायरस बंद कर असं त्याने सांगितलं असणार, आणि तू केला असशील. एका प्रोग्रॅमच्या मेमरीत हात घालणारा दुसरा प्रोग्रॅम अँटीव्हायरसला चोरासारखा दिसतो, आणि कित्येकदा तो चोरच असतो. २०१८ मध्ये चीनमध्ये पबजी या खेळाचे हॅक, म्हणजे तुझ्या रडारसारखे फसवणुकीचे प्रोग्रॅम, बनवणाऱ्या आणि विकणाऱ्या १५ जणांना अटक झाली, तेव्हा त्यातल्या काही हॅकमध्ये ट्रोजन, म्हणजे आत लपवलेला चोर प्रोग्रॅम, सापडला होता. ज्यांनी पैसे मोजून हॅक घेतला त्यांचीच माहिती तो चोरत होता. अलीकडे हॅकच्या नावाखाली जे पसरवलं जातं ते ब्राउझरमध्ये जपून ठेवलेले पासवर्ड उचलतं, लॉग-इनची आठवण ठेवणाऱ्या छोट्या फाइल, म्हणजे कुकीही उचलतं. कुकी हाती लागली की पासवर्ड न टाकताच आत शिरता येतं.

म्हणून फाइल डिलीट करून भागणार नाही. दुसऱ्या, स्वच्छ कॉम्प्युटरवर विंडोजचा पेनड्राइव्ह तयार कर आणि तुमच्या कॉम्प्युटरवर सगळं पुसून नव्याने टाक. बॅकअपमध्ये फोटो आणि कागदपत्रं घे, कुठलीही सेटअपची फाइल घेऊ नकोस. पासवर्ड त्या मशीनवरून बदलायचे नाहीत, दुसऱ्यावरून बदलायचे: आधी ईमेल, मग बँक, मग बाकीचे. बहुतेक ठिकाणी ‘सगळ्या उपकरणांवरून लॉग-आउट’ हा पर्याय असतो, तो विसरू नकोस. गेल्या आठ महिन्यांचं बँकेचं स्टेटमेंट बाबांबरोबर बसून ओळीने वाच. एक रुपयाचाही न ओळखता येणारा व्यवहार दिसला तर बँकेला कळव आणि १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन कर. हे बाबांना कारण न सांगता होणार नाही, हे मला कळतंय. त्यांचे पैसे तू न विचारता धोक्यात टाकलेस. त्यांना सांग.

आता तुझा प्रश्न. त्यात दोन गृहीतकं आहेत, कुणाला कळणार नाही आणि कुणाचं नुकसान होणार नाही. दोन्ही कच्ची आहेत.

काउंटर-स्ट्राइकमधली हॅक पकडणारी व्हॅक ही यंत्रणा २००२ पासून चालू आहे. हॅक सापडला की लगेच बॅन बसतोच असं नाही. पुष्कळदा मुद्दाम थांबून, अनेकांना एकदम बॅन केलं जातं, म्हणजे नेमकी कुठली खूण पकडली गेली ते हॅक बनवणाऱ्याला उमगू नये. आठ महिने काही झालं नाही याचा अर्थ आपण सापडलो नाही असा होत नाही. तू रडार काढून टाकशील, दोन महिने सरळ खेळशील आणि मग एके दिवशी बॅन बसेल. तो कायमचा असतो, विनंत्या करून उठत नाही. तुझ्या प्रोफाइलवर तो कुणालाही दिसतो, किती दिवसांपूर्वी बसला तेही दिसतं. चौघांपैकी एखादा रात्री जेवून तुला ऑनलाइन शोधेल आणि ती ओळ वाचेल. आजारपणाची गोष्ट त्याच क्षणी त्याच्या लक्षात येईल. तुझ्याकडून ऐकण्याची संधी त्याला मिळालीच नसेल, आणि तुलाही ती परत मिळणार नाही.

दुसरं गृहीतक मला जास्त लागलं. तेरा-अकरा. म्हणजे तो सामना चोविसाव्या राउंडपर्यंत गेला. तुझा मोबाइल उपडा ठेवलेला असता तर पुण्यात यायचं तिकीट आज कदाचित सांगलीची पाच मुलं काढत असती. त्या मुलांनी त्या रात्री डेमो, म्हणजे सामन्याचं रेकॉर्डिंग, लावून बघितला असेल. आपण कुठे चुकलो, मॅपवरच्या बी साइट या जागी आपण येतोय हे यांना कसं कळलं, कुणाचा कॉल चुकला, यावर त्यांच्यात वाद झाला असेल. बिचाऱ्यांनी न केलेल्या चुका एकमेकांत वाटून घेतल्या असतील.

तू लिहितोस, नेम माझाच असतो. आंधळी कोशिंबीर खेळताना डोळ्यांवरची पट्टी अंमळ वर सरकवून फटीतून बघणारं पोर तुझ्याही वाड्यात किंवा सोसायटीत असेलच. तेही म्हणू शकतं की धावलो मीच, पकडलं माझ्याच हातांनी. पण त्या खेळात पट्टी हाच खेळ असतो. काउंटर-स्ट्राइकमध्ये भिंत ही पट्टी आहे. पलीकडे कोण आहे हे माहीत नसताना काय करायचं, थांबायचं की शिरायचं, कानावर भरवसा ठेवायचा की नाही, एवढाच तर तो खेळ आहे. नेम त्याच्या नंतर येतो.

आणि ती माहिती रडारला मिळते कुठून, हेही बघ. कोपऱ्यावरून एखादा अचानक समोर आला तर तुझ्या कॉम्प्युटरने त्याला त्याच क्षणी दाखवायला हवं, त्याच्या पावलांचा आवाज वाजवायला हवा. म्हणून सर्व्हर त्याची जागा थोडी आधीच तुझ्या मशीनकडे पाठवतो. शेजाऱ्यांचं बंद पाकीट पोस्टमनने विश्वासाने आपल्या घरी ठेवावं, तशी. रडार ते पाकीट फोडतं. व्हॅलोरंट या अशाच दुसऱ्या खेळाच्या निर्मात्यांनी २०२० मध्ये तो आणला तेव्हाच ही जागा शक्य तितक्या उशिरा पाठवायची सोय केली, शिवाय विंडोज सुरू होतानाच जागा होणारा व्हॅनगार्ड नावाचा पहारेकरी बसवला. आपल्या संगणकात इतक्या खोलवर कुणाला शिरू द्यायचं की नाही यावर लोक अजून भांडतात, आणि ते भांडण रास्त आहे. लाखो साध्या मुलांच्या घरात हा पहारा का बसवावा लागला, याचा विचार मात्र तू कर. तुझे महिन्याचे बाराशे रुपये त्या कारणाचा भाग आहेत.

लॅनवर काय होतं याचं उदाहरण आपल्याच देशातलं आहे. ऑक्टोबर २०१८, शांघाय. काउंटर-स्ट्राइकच्या एका आशियाई स्पर्धेत ऑप्टिक इंडिया हा आपला संघ खेळत होता. सामना चालू असताना एका खेळाडूच्या मशीनवर पंचांना संशय आला. तपासायला ते मागे उभे राहिले तेव्हा तो घाईघाईने फाइल बंद करायला धडपडत होता, त्याचा व्हिडिओ जगभर फिरला. हॅकच्या फाइलला नाव दिलं होतं ‘वर्ड’. संघ बाद झाला, त्या खेळाडूवर पाच वर्षांची बंदी आली. हे सगळं तू वाचलं असशील. मला त्यात नेहमी आठवतात ते उरलेले चार जण. संघ चालवणाऱ्या संस्थेने पुरा भारतीय संघच मोडला. त्या चौघांची कारकीर्द एका दुपारी थांबली, आणि पुढे भारतातून कुणी चांगला फ्लिक, म्हणजे झटक्यात नेम धरून गोळी, मारला की परदेशी प्रेक्षक ‘वर्ड’चं नाव घेऊन चिडवायचे. तुझ्या टीममध्येही उरलेले चारच आहेत.

आता माझं सांगतो, कारण सांगितल्याशिवाय तुला सल्ला देणं मला जमणार नाही.

२००३-०४ साली आम्ही टिळक रोडच्या एका गल्लीतल्या तळघरात काउंटर-स्ट्राइक खेळायचो. दोन रांगांत दहा मशीन, तासाला वीस रुपये, उन्हाळ्यात पंख्याखालच्या जागेसाठी भांडणं. तिथे एकच नियम होता, दुसऱ्याच्या स्क्रीनकडे बघायचं नाही. समोरच्या रांगेमागे एक काचेचं कपाट होतं. एका ठरावीक खुर्चीत बसलं की समोरच्या मुलाची स्क्रीन त्या काचेत दिसायची, उलटी, अंधूक, पण डस्ट टू या मॅपवर तो लाँग नावाच्या वाटेला आहे की टनेलमध्ये, एवढं कळायला पुरेशी. ती खुर्ची मिळावी म्हणून मी अर्धा तास आधी जायचो. उन्हाळाभर जिंकलो. समोर बहुतेक वेळा माझा शाळेपासूनचा मित्र असायचा. माझ्यापेक्षा त्याचा हात चांगला होता. जूनमध्ये तो यायचा थांबला. विचारलं तर म्हणाला, मला नाही रे हे जमत, माझं डोकंच चालत नाही यात. मी म्हणालो, येईल सवयीने. काचेबद्दल बोललो नाही.

आज तो कुठल्या शहरात आहे हे मला माहीत आहे, त्याचा नंबरही आहे. वीस वर्षांत काचेबद्दलचं ते एक वाक्य मी त्याला सांगू शकलेलो नाही. हरल्याचं दुःख मुलं विसरतात. आपल्यात काहीतरी कमी आहे असं एकदा वाटलं की ते आत बसून राहतं, आणि मी ते त्याच्या आत बसू दिलं.

म्हणून तुझ्या पत्रातलं धाकट्याचं वाक्य मी परत परत वाचलं. दादा, मला का ऐकू येत नाही? त्याने तुझ्यावर शंका घेतली नाही, स्वतःच्या कानांवर घेतली. तुझं रडार भिंतीपलीकडचे पाच जण दाखवतं, आणि तुझ्या मागे स्टुलावर बसलेल्या मुलाला ते सांगतं की तू बहिरा आहेस.

शिफ्ट दाबून हळू चालणाऱ्याच्या पावलांचा आवाज येत नाही, हे तुला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे. त्याच्या वहीत अशा कितीतरी जागा लिहिलेल्या असतील जिथे आवाज झालाच नव्हता. ‘दादाला इथे ऐकू आलं.’ तो त्या जागी उभा राहून कान देतो, आणि तिथे शांतताच असते. जगातल्या कुठल्याही खेळाडूला तिथे काही ऐकू आलं नसतं. हे त्याला सांगणारा तुझ्याशिवाय कुणी नाही.

तेव्हा पहिल्यांदा त्याला सांग, आजच, झोपायच्या आधी. लांबण लावू नकोस. मी मोबाइलवर बघत होतो, ऐकू मलाही येत नव्हतं, तुझे कान ठीक आहेत. एवढंच. तो रडेल, चिडेल किंवा काही न बोलता कुशीवर वळेल. शाळेत त्याने तुझ्याबद्दल बढाया मारल्या असतील तर त्यांचं काय करायचं ते त्याला ठरवू दे. आई-बाबांना सांगू नको असं त्याच्याकडून कबूल करून घेऊ नकोस. आठवीतल्या मुलाने हा खेळ रोज किती वेळ खेळावा याबद्दल माझं मत वेगळं आहे, पण ते तुझ्या आई-बाबांशी बोलायचं.

उद्या चौघांना भेट. ग्रुपवर लिहू नकोस, फोनही नको. कात्रजला, कॉलेजच्या कट्ट्यावर, कुठेही, पण समोरासमोर. तुझ्या पत्रात ‘फक्त’ दोनदा आलंय: फक्त ठिपके, फक्त शेवटचे दोन सामने. तिथे हा शब्द तोंडातून काढू नकोस. कधीपासून, काय, कुठल्या सामन्यांत, एवढं सांग आणि थांब. माफ करा म्हण, पण माफ केलंत का असं लगेच विचारू नकोस. तो प्रश्न विचारला की त्यांना आपला राग गिळून तुझी समजूत काढत बसावं लागतं. एखादा उठून जाईल. जाऊ दे त्याला. कुणीतरी म्हणेल की वेडा आहेस का, गप्प बस, लॅनवर नीट खेळू, कुणाला कळतंय. ते ऐकून तुला हायसं वाटेल, म्हणून आधीच सांगून ठेवतो: अंतिम फेरीतली ही जागा तुमची नाही. ती वाटून घ्यायचा हक्क पाच जणांनी मिळूनही नाही.

त्याच दिवशी आयोजकांना लेखी कळव. पात्रता फेरीच्या शेवटच्या दोन सामन्यांत मी रडार वापरलं, उरलेल्या चौघांना याची कल्पना नव्हती, हे वाक्य त्यात स्वच्छ शब्दांत असू दे. शांघायमधल्या चौघांना असं पत्र वेळेवर मिळालं नव्हतं. पुढे काय करायचं, सांगलीला बोलवायचं का, तुझ्या चौघांना दुसऱ्या कुणाबरोबर खेळू द्यायचं का, हे आयोजक ठरवतील. तू बाजू मांडत बसू नकोस. अजून तीन आठवडे हातात आहेत. उद्या कळवलंस तर त्या मुलांना सरावाला वेळ मिळेल, रजा काढता येईल, गाडीचं आरक्षण मिळेल. आदल्या दिवशी कळवलंस तर तुझं मन हलकं होईल, पण त्यांच्या हाती काहीच लागणार नाही. म्हणून घाई करतोय.

कॉलेजकडून काही कारवाई होईल का, हे मी सांगू शकत नाही. झाली तर ती भोग. त्या आयडीवरचा रँक तुझा नाही, तेव्हा ती आयडी सोडून दे. बॅन बसण्याची वाट बघत तिच्यावर खेळत राहू नकोस. आणि ज्याच्याकडून रडार घेतलंस त्याला पुढचे बाराशे पाठवू नकोस. तो धमकावेल, सवलत देईल, ‘आता सापडणार नाही असं नवं आलंय’ म्हणेल. उत्तर न देता ब्लॉक कर.

खेळणं सोडायला मी सांगत नाही. पुढचे काही महिने वाईट जातील. आठ महिने तुझे डोळे मोबाइलकडे होते, त्यामुळे तुझे कान खरोखरच मागे राहिलेत. लाकडावरचं पाऊल, लोखंडी पत्र्यावरचं, वाळूतलं, प्रत्येकाचा आवाज वेगळा असतो आणि ते ओळखणं शिकता येतं. आत्ता या बाबतीत तू आणि धाकटा एकाच इयत्तेत आहात. कदाचित तो तुझ्या पुढे असेल, कारण तो निदान कान देऊन ऐकत होता.

कॉम्प्युटर स्वच्छ झाला, आणि धाकटा तुझ्याशी पुन्हा बोलायला लागला, की एका जॅकला दोन हेडफोन लावायची वायर आण. त्याच्या मॅचचे डेमो लावा. तुझे नकोत. डेमो बघताना एक्स-रे लावता येतो, भिंतीपलीकडचे सगळे दिसतात, आणि सामना संपलेला असल्याने तिथे ते बघण्यात काही खोटं नाही. सुरुवातीला एक्स-रे बंद ठेवा. पाऊल वाजलं की डेमो थांबव आणि त्याला विचार, कुठून आला? तो सांगेल ते वहीत लिहू दे, तू तुझा अंदाज त्यानंतरच बोल. मग एक्स-रे लावा आणि बघा.